मिरचीपुडीचं सॅम्पल 'असुरक्षित' आलंय, दुकानदार म्हणून माझ्यावर केस होणार का?

पेठेतला_वाणी

राम राम मंडळी. बरीच वर्षं इथं नुसतं वाचतोय, लिहायची पहिली वेळ अशी यावी हे दुर्दैव.

बार्शी तालुक्यात आमचं किराणा दुकान आहे. आजोबांनी काढलं, अण्णांनी चाळीस वर्षं चालवलं, आता बारा वर्षं मी बघतो. रजिस्ट्रेशन चालू आहे, गल्ल्याच्या वर फ्रेम करून लावलंय.

दोन महिन्यांपूर्वी मंगळवारी चारच्या सुमाराला अन्न सुरक्षा अधिकारी आले. सोबत एक शिपाई. ओळखपत्र दाखवलं, रॅकवरून नजर फिरवली आणि सरळ मिरचीपुडीवर बोट ठेवलं. दोनशे ग्रॅमची छापील पाकिटं, वर 'शुद्ध ब्याडगी'. आठ पाकिटं घेतली, रोख पैसे दिले, माझ्याकडून बिल घेतलं. साक्षीदार म्हणून समोरच्या सलूनवाल्याला बोलावलं. तो बिचारा एका गिऱ्हाइकाच्या गालाला साबण लावून तसाच आला. मग काउंटरवरच काम सुरू. दोन-दोन पाकिटांचे चार भाग. प्रत्येकाला जाड कागद, दोरा, वरून खाली चिकटवलेली चिठ्ठी. माझी सही अर्धी चिठ्ठीवर नि अर्धी कागदावर पडेल अशी घेतली. मेणबत्तीवर लाख वितळवून शिक्के मारले. त्या लाखेचा वास रात्री शटर ओढेपर्यंत दुकानात होता.

मध्येच साहेबांनी विचारलं, चौथा भाग तुमच्या खर्चानं मान्यताप्राप्त खाजगी लॅबला पाठवायचाय का? मी म्हणलं, कशाला, माल चांगला आहे. 'नको' लिहून सही केली. उरलेली एकतीस पाकिटं सील करून माझ्याच ताब्यात ठेवली, विकणार नाही असं बंधपत्र घेतलं.

अण्णा खुर्चीत बसून सगळं बघत होते. साहेब गेल्यावर एवढंच बोलले, "आमच्या वेळी तीन भाग करायचे."

आमच्या वेळी म्हणजे १९८७. जिऱ्याचं सॅम्पल होतं, काडीकचरा प्रमाणापेक्षा जास्त. अण्णांनी नऊ वर्षं तारखा केल्या. मी शाळेत होतो, मास्तर हजेरी घेताना विचारायचे, "काय रे, वडील आज कोर्टात का?" शेवटी निर्दोष सुटले, पण ते जिरं वाईट होतं की चांगलं हे कोर्टालाही कळलं नाही. दुसरा भाग तपासायला निघेपर्यंत त्याला कीड लागली होती.

आता मुद्दा. परवा रजिस्टर पोस्टानं रिपोर्ट आलाय. 'तेलात विरघळणारा कृत्रिम रंग आढळला, सबब असुरक्षित.' सोबतच्या पत्रात तीस दिवसांत अपील करता येईल असं लिहिलंय.

ही पाकिटं मी बनवलेली नाहीत. एक टेम्पोवाला दर दुसऱ्या गुरुवारी येतो, त्याच्याकडून घेतो. सुरुवातीला बिल द्यायचा. गेल्या चार-पाच खेपांना चिठ्ठीच देतो, "बिल पुढच्या वेळी, शेठ." पैसे मात्र मी फोनवरून दिलेत. त्याचा नंबर आता बंद लागतोय.

माझ्यावर फौजदारी होईल का? अटक वगैरे? का दंडावर भागेल? मित्र म्हणतो पोलीस थेट उचलतात. घरात दोन दिवस कुणी नीट जेवलेलं नाही.

---

साधा_सरळ

काही होत नाही हो. जाऊन भेटा, दहा-वीस देऊन मिटवा. सगळे तेच करतात.

---

काळा_कोट

वरचा सल्ला ऐकलात तर भेसळीची एक केस आहे, तिच्या जोडीला लाचेची दुसरी लागेल.

कायद्याने तडजोड आहे, पण ती कलम ६९ खाली, पावती फाडून, आणि ज्या गुन्ह्याला कैद लिहिली आहे त्याला ती दारं बंद. तुमचा रिपोर्ट 'असुरक्षित' आहे, म्हणजे कैद असलेला. त्यामुळे तो रस्ता नाहीच.

मी तालुका कोर्टात प्रॅक्टिस करतो, अन्नाच्या केसेस दोन्ही बाजूंनी पाहिल्यात. दुकानदार इथेच घसरतात, म्हणून जरा लांबण लावतो.

तुमच्या वडिलांची केस १९५४ च्या अन्न भेसळ प्रतिबंध कायद्याखालची. तो कायदा सरळसोट होता. नमुना प्रमाणात बसला नाही की गुन्हा, आणि शिक्षा झाली तर किमान सहा महिने. मग जिऱ्यात नुसती काडी का निघेना. २००६ चा अन्न सुरक्षा व मानके कायदा ५ ऑगस्ट २०११ पासून लागू झाला आणि त्याने दोन वाटा केल्या. माल कमी दर्जाचा निघाला तर कलम ५१, पाच लाखांपर्यंत दंड. लेबल चुकलं तर ५२, तीन लाखांपर्यंत. ही प्रकरणं कोर्टात येतच नाहीत, न्यायनिर्णय अधिकाऱ्यासमोर चालतात आणि तिथे कैद नसते. वडिलांचं जिरं आज पकडलं असतं तर ते तिकडे गेलं असतं. नऊ वर्षं वाचली असती.

पण 'असुरक्षित' हा शब्द आला की कलम ५९. तिथे फौजदारी. परवानगी नसलेला रंग अन्नात असणं हे असुरक्षित अन्नाच्या व्याख्येतच बसतं, कुणी आजारी पडलं होतं का हे बघावं लागत नाही. कुणाला इजा झालेली नसेल तर पूर्वी सहा महिन्यांपर्यंत कैद आणि लाखापर्यंत दंड होता. २०२३ च्या जनविश्वास कायद्याने ते तीन महिने आणि तीन लाख केलं. इजा झाली तर वाढत जातं. मृत्यू झाला तर किमान सात वर्षं ते जन्मठेप, दंड दहा लाखांच्या खाली नाही.

अटकेचं म्हणाल तर शांत जेवा. ही केस पोलीस करत नाहीत. पदनिर्देशित अधिकारी (त्या भागाचा अन्न सुरक्षा प्रमुख) रिपोर्ट बघून शिफारस करतो, अन्न सुरक्षा आयुक्तांची मंजुरी लागते, मग अन्न सुरक्षा अधिकारी स्वतः मॅजिस्ट्रेटपुढे तक्रार दाखल करतो. तुम्हाला समन्स येईल, जामीन होईल. मित्र जे 'पोलीस उचलतात' म्हणतोय ते त्याने गुटख्याच्या केसेसमध्ये पाहिलेलं असणार, तिथे पोलीस दंडविधानाची कलमं लावत आलेत. या बाबतीत २१ फेब्रुवारी २०२४ चा राम नाथ विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य हा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल वाचा: असुरक्षित अन्नाला कलम ५९ लागत असेल तर जुन्या (जून २०२४ पर्यंतच्या) दंडविधानाचं २७२-२७३, म्हणजे भेसळीची कलमं, त्यावर चढवता येत नाहीत, अन्न कायदा वरचढ.

गुन्हा घडल्यापासून एका वर्षात केस दाखल व्हावी लागते. आयुक्तांनी कारणं लिहून मुदत वाढवली तर तीन वर्षं. म्हणजे आता दोन महिने शांत गेले म्हणून सुटलो असं समजू नका. माझ्या एका अशिलाने पेढे वाटले होते, अकराव्या महिन्यात समन्स आलं.

आता तुमचा खरा प्रश्न: मी बनवलं नाही, मग मी कसा? कलम २७ मध्ये विक्रेत्याची जबाबदारी वेगळी लिहिली आहे. मुदत संपलेला माल, अस्वच्छतेत ठेवलेला, खोट्या लेबलाचा, असुरक्षित आहे हे माहीत असताना घेतलेला, आणि ज्याचा उत्पादक किंवा वितरक कोण हे सांगता येत नाही असा. तुमचा पाय या शेवटच्यात अडकलाय. कलम २६ प्रमाणे बिल हीच मालाची हमी समजली जाते. टेम्पोवाला बिल देत होता तोवर हमी त्याची होती. चिठ्ठी घ्यायला लागलात त्या गुरुवारी ती तुमच्या गळ्यात आली.

चिठ्ठी आहे का अजून? फोनवरून पैसे दिल्याच्या नोंदी काढा. बँकेचा उतारा शिक्का मारून घ्या, स्क्रीनशॉटवर थांबू नका. जुनी बिलं काढा. आणि रिपोर्ट हातात पडला ती तारीख पोस्टाच्या लिफाफ्यावर दिसते, तो लिफाफा फेकू नका. तीस दिवस तिथून मोजायचे.

---

परीक्षानळी

मी वकील नाही. सरकारी प्रयोगशाळेत पस्तीस वर्षं काढली, आता निवृत्त. त्यामुळे रिपोर्टाबद्दलच बोलतो.

पहिलं, रिपोर्टात रंगाचं नाव दिलंय का बघा. 'तेलात विरघळणारा रंग' एवढंच लिहिलं असेल तर अपिलात तो मुद्दा घ्या: कोणता रंग, कोणत्या पद्धतीने. मिरचीचा स्वतःचा लाल रंगसुद्धा तेलात उतरतो, पाण्यात नाही. फोडणीत मिरची टाकल्यावर तेल लाल होतं ते त्यामुळेच. म्हणून नुसतं 'तेलात उतरला' याला काही अर्थ नाही, क्रोमॅटोग्राफीत, म्हणजे रंग वेगवेगळे करणाऱ्या चाचणीत, त्याचा वेगळा पट्टा दाखवावा लागतो. प्रयोगशाळा मान्यताप्राप्त आहे का, त्या चाचणीसाठी आहे का, हेही बघावं.

दुसरं, अपील मान्य झालं तर पदनिर्देशित अधिकाऱ्याकडे ठेवलेल्या भागांपैकी एक रेफरल, म्हणजे फेरतपासणीच्या, प्रयोगशाळेत जाईल आणि तिचा निकाल अंतिम. तिथे पुन्हा रंगच निघाला तर पहिल्या रिपोर्टातल्या सगळ्या चुका धुऊन निघतात. हे लक्षात ठेवून अपील करा. तुम्हाला मनातून काय वाटतंय, माल चांगला होता की नव्हता?

आता एक अवांतर. पेल्यात पाणी घेऊन वर मिरचीपूड टाकायची आणि रंगाच्या रेषा उतरतात का बघायचं, ही घरगुती चाचणी सगळीकडे फिरते. ती पाण्यात विरघळणाऱ्या रंगासाठी ठीक आहे, विटेची भुकटी असेल तर तळाशी बसलेलीही दिसेल. पण सुदानसारखा तेलात विरघळणारा रंग या चाचणीत पास होतो! तो पाण्यात उतरतच नाही. २००३ साली युरोपात भारतातून गेलेल्या मिरचीत सुदान-१ सापडला, तेव्हापासून तिकडे प्रत्येक खेपेला तपासणीचा दाखला मागायला लागले. आमच्याकडे तेव्हा निर्यातदारांच्या नमुन्यांची रांग लागायची. मेणाला, पॉलिशला, तेलाला द्यायचा रंग आहे तो. जुनी, पांढुरकी पडलेली, बी जास्त असलेली मिरची दळली की पूड फिकट येते. चमचाभर रंगाने पोतं लाल होतं.

---

सकाळचा_डबा

सगळे दुकानदाराला कसं सुटायचं ते सांगताहेत. मी सोलापुरात राहते, दोन मुलांचे डबे करते, आणि माझ्या घरात असलीच दोनशे ग्रॅमची पाकिटं येतात. एकतीस पाकिटं सील झाली म्हणता. त्याआधी विकलेली किती? ती कुणाच्या भाजीत गेली?

आणि एक विचारते, राग मानू नका. ब्याडगीचा भाव तुम्हाला माहीत नाही असं कसं मानायचं?

---

पेठेतला_वाणी

ताई, राग नाही. परवापासून मी स्वतःला हेच विचारतोय, तुम्ही लिहिलंत म्हणून आता खरं लिहितो.

ब्याडगी आणून, देठं काढून, कांडून घेतली तर या वर्षी मला किलो साडेचारशेच्या खाली पडत नव्हती. टेम्पोवाला पॅकिंगसकट दोनशे साठनं देत होता. मी एकदा विचारलं, एवढी स्वस्त कशी? तो म्हणाला, "गुंटूर मिक्स आहे शेठ, पण रंग बघा की." मी रंग बघितला. गिऱ्हाइकानं पण रंगच बघितला. एक म्हातारी आहे, पन्नास वर्षं आमच्याकडं येणारी, ती म्हणाली होती, "लाल हाय, पण तिखट कुठंय रं?" मी हसलो होतो.

विकलेली पाकिटं वही बघून मोजली: एकशे बारा. उधारीच्या वहीत नावं आहेत अशी चौतीस घरं. काल संध्याकाळपासून मी आणि माझी बायको फिरलो, एकोणीस पाकिटं परत आली, पैसे दिले. काहींनी तोंडावर ऐकवलं. एकानं पाकीट परत दिलं नाही, म्हणाला, ठेवतो, लागेल कधी. लागेल म्हणजे काय ते मला कळलं.

परीक्षानळी काका, तुमच्या प्रश्नाचं उत्तर: मनातून मला वाटतंय रंग असणार. मग अपील करू नको का?

वकीलसाहेब, जुनी बिलं सापडली. त्यात माझं काहीच कौतुक नाही. अण्णांची सवय आहे, आलेलं प्रत्येक बिल काउंटरमागच्या तारेला टोचायचं. तार भरली की दोरीनं बांधून माळ्यावर. १९८७ च्या केसनंतरची सवय. मी त्यांना हसायचो, सगळं फोनमध्ये असतं म्हणून. टेम्पोवाल्याची पहिली सहा बिलं तारेवर निघाली, नाव-पत्ता, जीएसटी नंबर सगळं आहे. चिठ्ठ्या मात्र मी घेतलेल्या, त्या फोनमध्ये. पाचातल्या तीन आहेत, दोन फोन बदलताना गेल्या.

---

काळा_कोट

ताईंना आधी. तुम्हाला संशय असेल तर कायद्याचं कलम ४० तुमच्यासाठीच आहे: ग्राहक स्वतः फी भरून अन्न विश्लेषकाकडून माल तपासून घेऊ शकतो, फक्त दुकानदाराला तसं माल घेतानाच सांगावं लागतं. रिपोर्ट वाईट आला तर फी परत मिळते. फार कमी लोक वापरतात.

पेठेतले वाणी, अपील करा. मनातून काय वाटतं हा पुरावा नाही. पण अपिलात "माझा माल शुद्ध होता" असं लिहू नका, ते तुम्हाला माहीत नाही. रंगाचं नाव आणि पद्धत दिलेली नाही, तेवढंच मागा. सोबत वेगळ्या अर्जाने पुरवठादाराचं नाव, सहा बिलं, तीन चिठ्ठ्या आणि बँकेचा उतारा अधिकाऱ्याकडे द्या, पोच घ्या. यात उशीर केलात तर नंतर कोर्टात "हे आत्ता सुचलं का?" असा प्रश्न येतो आणि त्याला उत्तर नसतं. कलम ८० मध्ये 'योग्य ती सगळी काळजी घेतली' हा बचाव आहे, पण साडेचारशेचा माल दोनशे साठला घेतलात हे उलटतपासणीत निघालं तर तो बचाव लंगडा होतो. निघेल असं धरूनच चाला. पाकिटं परत गोळा केलीत त्याची घर, तारीख, संख्या अशी यादी करून ठेवा. परत आलेली पाकिटं जाळू-बिळू नका, अधिकाऱ्यांना कळवा.

आणि "थोडासाच रंग होता" हा युक्तिवाद कुणी शिकवला तर ऐकू नका. उत्तर प्रदेशातला एक दूधवाला. १९९५ साली घेतलेला नमुना, स्निग्धांश ठीक, बाकीचे घनपदार्थ ८.५ टक्के हवेत ते ७.७ निघाले. फरक किरकोळ आहे, इतकी वर्षं गेली, सोडा, म्हणत तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. २०१९ साली शिक्षा कायम झाली. प्रमाण ठरलंय तर ठरलंय, म्हणाले. ते दूध होतं आणि जुना कायदा होता. तुमच्याकडे रंग आहे.

पाकिटावर अन्न परवान्याचा चौदा आकडी नंबर असेल, तो टाका इथे. नको, इथे नको टाकू. स्वतः तपासा.

---

परीक्षानळी

नंबर तपासताना: पहिला आकडा १ म्हणजे परवाना, २ म्हणजे नोंदणी. पुढचे दोन राज्याचे, महाराष्ट्राचे १५. मग खाद्य प्राधिकरणाच्या (FSSAI) पोर्टलवर टाकून बघा कुणाच्या नावावर आहे आणि कोणत्या पदार्थासाठी.

---

पेठेतला_वाणी

उशिरा लिहितोय, धावपळ होती.

नंबर तपासला. पहिले तीन आकडे १, १, ५, म्हणजे इथपर्यंत सगळं शोभतंय. पोर्टलवर टाकला तर दुसऱ्याच जिल्ह्यातल्या एका बेकरीचा निघाला. बेकरीवाल्याला मी फोन केला, त्याला काहीच माहीत नाही, उलट तोच घाबरला. पाकीट वर्षभर माझ्या रॅकवर होतं, नंबर तपासायला मला दोन मिनिटं लागली.

अपील तेविसाव्या दिवशी दिलं. पुरवठादाराचा अर्ज वेगळा. दोन्हींवर आवकचा शिक्का घेतला. साहेबांनी सहा बिलं बघितली, मग माझ्याकडं बघितलं, म्हणाले, "बहुतेक जण कोऱ्या हातानं येतात." परत आलेल्या पाकिटांचा आकडा आता सदतीस झालाय, तीही त्यांनी पंचनामा करून घेतली.

काल रात्री साडेनऊला नव्या नंबरवरून फोन आला. टेम्पोवाला. "शेठ, माझं नाव नका घेऊ. राहिलेला माल उचलतो, सगळे पैसे परत करतो, वर दहा हजार देतो. तुम्ही सांगा, बाजारातून रोखीनं घेतला होता." मी फोन स्पीकरवर टाकला होता. अण्णा ऐकत होते. ते उठले, मला वाटलं शिव्या घालतात. त्यांनी फोन हातात घेतला आणि अगदी सावकाश विचारलं, "बाळा, जिरं पण तूच देत होतास ना रे आम्हाला?"

तिकडून फोन कट.

जिऱ्याची दोन पोती आज सकाळीच रॅकवरून काढून बाजूला ठेवली. नवा नंबर अधिकाऱ्यांना कळवला, बुधवारी जबाबाला बोलावलंय. वकीलसाहेब, बुधवारी तुम्ही मोकळे आहात का? असाल तर मेसेज करा.

---

काळा_कोट

केलाय. अण्णांना सोबत आणा, आणि बिलं तारेवरून काढू नका, तारेसकट आणा.